मूकपटातील तारामती

मराठी चित्रपटाचा इतिहास सांगताना बडोद्याचा उल्लेख सहसा एका वाक्यात उरकला जातो. दादासाहेब फाळके काही काळ कलाभवनात शिकले, एवढेच ते वाक्य. आपण बडोदेकर त्या वाक्याचा अभिमान बाळगतो आणि पुढे सरकतो. 1890 मध्ये सयाजीराव महाराजांच्या आश्रयाने आणि प्रा. त्रिभुवनदास गज्जर यांच्या नेतृत्वाखाली उभे राहिलेले कलाभवन आज महाराजा सयाजीराव विद्यापीठाच्या तंत्रज्ञान व अभियांत्रिकी शाखेत सामावले आहे. धुंडिराज गोविंद फाळके या तरुणाने चित्रकला, मूर्तिकाम, छायाचित्रण आणि ठसे बनविण्याचे काम तेथेच हस्तगत केले. काचेच्या पट्टीवर प्रतिमा कशी उमटते, ती अंधाऱ्या खोलीत कशी धुवावी लागते, याची त्यांना ओळख झाली ती येथे. पुढे चित्रपट काढताना हीच विद्या त्यांच्या हाताशी होती.

परंतु बडोद्याशी फाळक्यांचे आणखी एक नाते आहे, आणि ते अभिमानाने मिरविण्याजोगे नसल्यामुळेच की काय, फारसे सांगितले जात नाही. थोरले बंधू शिवरामपंत यांच्याबरोबर 1886 च्या सुमारास ते बडोद्यास आले आणि येथेच त्यांचे पहिले लग्न झाले. मुलगी बडोद्याच्या मराठे घराण्यातील. बहुतेक चरित्रे तिची ओळख एवढीच करून देतात. पुढे फाळक्यांनी गोध्रा येथे छायाचित्रणाचा व्यवसाय मांडला. 1900 साली प्लेगच्या साथीत ही पत्नी आणि मूल दोघेही तेथे गेली. कुणाची कन्या, कुणाची पत्नी आणि कशाने वारली, या तीन रकान्यांत एक आयुष्य संपले. सरकारी नोकरीत वर्षानुवर्षे नोंदवह्या चाळल्यावर आम्हांस रकान्यांची ही रचना परिचयाची झाली आहे. तिच्यात बाई काय करीत होती, हा रकाना नसतो.

प्रस्तुत लेखात आम्ही हाच रकाना थोडा भरून पाहणार आहोत. विषय आहे आपल्या पहिल्या मूकपटाची नायिका तारामती, आणि तिच्या आसपास वावरलेल्या काही खऱ्या स्त्रिया.

‘राजा हरिश्चंद्र’ 3 मे 1913 रोजी मुंबईत गिरगावच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये प्रदर्शित झाला. त्याआधी 21 एप्रिलला ग्रँट रोडच्या ऑलिंपिया थिएटरात निमंत्रितांसाठी एक खेळ झाला होता. चित्रपटाला नाव राजाचे असले तरी या कथेतील सर्वांत जड ओझे राणीच्या खांद्यावर आहे. राज्य दान करण्याचे वचन नवऱ्याचे, ऋषीचा कोप नवऱ्यावरचा. अनवाणी चालणे, लेकराला गमावणे आणि खुनाचा आळ येऊन वधस्तंभापर्यंत जाणे मात्र तिच्या वाट्याला. हरिश्चंद्राच्या सत्त्वाची परीक्षा तारामतीच्या जिवावर होते. कीर्तनांतून आणि नाटकांतून ही कथा आपल्याकडे इतकी मुरली होती, की पडद्यावर शब्द नसतानाही प्रेक्षकाला ती वाचता येत होती. दृश्यांच्या मध्ये हिंदी व इंग्रजी पाट्या होत्या. ज्यांना वाचता येत नसे त्यांच्यासाठी शेजारचा कुणी मोठ्याने वाची.

ही तारामती रंगविली अण्णा साळुंके या पुरुषाने.

तो ग्रँट रोडवरच्या एका उपाहारगृहात स्वयंपाकी होता. नाजूक हात आणि सडपातळ बांधा पाहून फाळक्यांनी त्याला हेरले आणि दहा रुपयांच्या जागी पंधरा रुपये महिना देऊ करून आणले, अशी हकीकत प्रसिद्ध आहे. फाळक्यांनी आधी स्त्रीनटीसाठी जाहिराती दिल्या होत्या. कुलीन घरातून कुणी येईना, आणि वेश्यावस्तीतील स्त्रियाही या कामाला तयार होईनात. चित्रपटात काम करणे इतके हलके समजले जाई, की आपल्या मंडळींनी ‘हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत नोकरीला आहोत’ असे बाहेर सांगावे, असा फाळक्यांचा सल्ला असे. परेश मोकाशी यांच्या 2009 च्या चित्रपटाचे नाव याच हकीकतीवरून आले.

पुरुषाने स्त्री रंगविणे यात त्या काळच्या मराठी माणसाला नवल वाटण्यासारखे काहीच नव्हते. बालगंधर्वांना तर बडोद्याच्या दरबाराचा आश्रय होता, आणि त्यांचे नेसणे, त्यांचा अंबाडा आपल्या आज्या-पणज्या उचलीत असत. मग साळुंक्यांच्या तारामतीबद्दल आज वेगळे काही म्हणावे असे काय आहे? आमच्या मते यात एक मोठा फरक आहे. बालगंधर्वांची शकुंतला, भामिनी, सिंधू उभी राही ती गळ्यावर. सूर लागला की समोरचा माणूस देहाकडे पाहात नसे. मूकपटाने हा गळा काढून घेतला. उरले काय? हात, डोळे, मान, चालण्याची ढब. गाणे नाही, पद नाही, वन्समोअर नाही. जे सांगायचे ते देहाने. अशा वेळी देह उसना असला तर तो लपत नाही. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयामुळे या चित्रपटाची पहिली आणि चौथी रिळे आपल्याला पाहता येतात. (ती 1913 च्याच प्रतीची की 1917 च्या पुनर्निर्मितीची, याविषयी अभ्यासकांत दुमत आहे.) त्यांत राणी आणि तिच्या सख्या कारंज्यात भिजल्याचे दृश्य आहे. भिजलेल्या लुगड्यांतील ही सारी मंडळी पुरुष आहेत, हे लक्षात यायला क्षणभर लागतो. एकदा लक्षात आले की मग दुसरे काही दिसत नाही. हसू येते, आणि त्या हसण्याबरोबर तारामतीचे दुःखही जरा दूर जाते. याच साळुंक्यांनी पुढे 1917 च्या ‘लंका दहन’ मध्ये राम आणि सीता अशा दोन्ही भूमिका केल्या. माणूस गुणी होता, यात शंका नाही. प्रश्न त्याच्या गुणाचा नव्हता.

तारामतीची भूमिका फाळक्यांनी आपल्या पत्नीलाही करावयास सांगितली होती आणि तिने ती नाकारली, असे सांगतात. नाकारली, कारण बाकीची कामे मग कोण करणार?

ही पत्नी म्हणजे सरस्वतीबाई. पहिली पत्नी गेल्यावर 1902 मध्ये फाळक्यांनी दुसरे लग्न केले. सरस्वतीबाई किर्लोस्कर नाटक मंडळीच्या चालकांच्या नात्यातल्या. वयाने पतीपेक्षा पुष्कळच लहान. संसार सुरू झाला तो स्थिर नव्हता. पुरातत्त्व खात्याची नोकरी आली आणि गेली, रविवर्म्याच्या छापखान्याचे काम आले आणि गेले, स्वतःचा छापखाना भागीदारांशी न पटून सुटला. मग 1911 च्या सुमारास मुंबईत ख्रिस्ताच्या चरित्रावरील चित्रपट पाहून पतीच्या डोक्यात हलत्या चित्रांचे वेड शिरले. रात्रंदिवस डोळे ताणून त्यांची दृष्टी काही काळ गेली. ती परत आली तेव्हा विमापत्र गहाण पडले, आणि 1912 च्या आरंभी ते लंडनला गेले, विल्यमसन कंपनीचा कॅमेरा घेऊन आले. पैसा उभा राहिला तो सरस्वतीबाईंच्या अंगावरच्या दागिन्यांवरही.

इथवरची कथा आपल्या परिचयाची आहे. दागिने काढून देणारी पत्नी आपल्या सर्व थोरांच्या चरित्रांत असते. आम्हांस महत्त्वाचे वाटते ते यापुढचे. त्या काळी येणाऱ्या कच्च्या फिल्मच्या कडांना छिद्रे पाडलेली नसत. ती छिद्रे यंत्राने, अंधारात, समान अंतरावर पाडावी लागत. अंतर चुकले की चित्र पडद्यावर उड्या मारी. हे काम सरस्वतीबाई करीत. फिल्म धुण्याची रसायने मिसळणे, धुतलेली फिल्म सांभाळणे, तिच्या जोडणीला हात लावणे, हेही त्या शिकल्या. दादरच्या बंगल्यात चित्रीकरण होई तेव्हा सूर्याचा प्रकाश परतवण्यासाठी पांढरी चादर धरून त्या उन्हात तासन्‌तास उभ्या राहात. आणि या सर्वांबरोबर मुलेबाळे सांभाळून, नट-कामगारांच्या साऱ्या गोतावळ्याचा दोन वेळचा स्वयंपाक. ‘राजा हरिश्चंद्र’ पुरा व्हायला सहा महिने 27 दिवस लागले असे सांगतात. त्या दिवसांत रोहिदासाची भूमिका करणारा भालचंद्र हा त्यांचाच मुलगा.

म्हणजे कॅमेऱ्यापुढे एक स्वयंपाकी राणी होऊन बसला होता आणि कॅमेऱ्यामागे घरची राणी स्वयंपाक करून, हात धुऊन, फिल्मला छिद्रे पाडायला अंधाऱ्या खोलीत जात होती. आम्ही हे विनोदाने लिहीत नाही. चित्रपटाच्या पहिल्या तंत्रज्ञांची यादी आज करावयाची झाल्यास सरस्वतीबाईंचे नाव तिच्यात घालावे लागेल, आणि ते पतीची सहधर्मचारिणी म्हणून नव्हे, कारागीर म्हणून. कलाभवनात जे शिकविले जात होते ते त्या माजघरात शिकल्या. प्रमाणपत्र मिळाले नाही, इतकेच.

तरीही त्या पडद्यावर आल्या नाहीत. पहिली स्त्री आली ती ‘मोहिनी भस्मासुर’ या फाळक्यांच्या पुढच्या चित्रपटात, 1913 मध्येच. त्यात पार्वती झाल्या दुर्गाबाई कामत आणि मोहिनी झाली त्यांची तेरा-एक वर्षांची मुलगी कमला. आई आणि मुलगी एकाच चित्रपटात आल्या, ही गोष्ट योगायोगाची नाही. दुर्गाबाई नवऱ्यापासून वेगळ्या झालेल्या. पती जे. जे. कलाशाळेत शिकविणारे, प्रतिष्ठित. 1903 च्या सुमारास ते नाते संपले आणि लहानग्या मुलीला घेऊन त्या एकट्या पडल्या. त्या काळच्या ब्राह्मण घरातील अशा स्त्रीसमोर किती वाटा असतील? माहेरी ओशाळवाणे राहणे, परक्याच्या घरची धुणीभांडी, किंवा याहून वाईट. दुर्गाबाई गाणाऱ्या-वाजविणाऱ्या होत्या. त्यांनी फिरती नाटक मंडळी पत्करली आणि त्याची किंमत म्हणून जातीचा बहिष्कारही. कमला चार-पाच वर्षांची असल्यापासून रंगभूमीवर उभी राहिली. शाळा तिला मिळाली नाही.

येथे एक गोष्ट बडोदेकरांच्या ध्यानात यावी. आपल्या संस्थानात 1904 मध्ये बालविवाहप्रतिबंधक कायदा झाला, 1906 मध्ये मुलामुलींचे प्राथमिक शिक्षण सक्तीचे झाले, आणि 1931 मध्ये हिंदू स्त्रीपुरुषांना घटस्फोटाचा कायदा मिळाला. ब्रिटिश मुलखातील हिंदू स्त्रीला त्यासाठी आणखी बरीच वर्षे थांबावे लागले. दुर्गाबाई 1903 मध्ये मुंबईत घराबाहेर पडल्या तेव्हा यांपैकी एकही गोष्ट त्यांच्या पाठीशी नव्हती. सयाजीरावांचे कायदे कागदावर किती आणि घराघरांत किती उतरले, हा वेगळा विषय आहे. आम्ही राज्यकारभारात हयात घालविली असल्याने कायदा आणि अंमल यांतले अंतर जाणतो. तरीपण कायदा असणे आणि नसणे यांतही अंतर असतेच.

चित्ताकर्षक नाटक मंडळीत वावरणाऱ्या या मायलेकी फाळक्यांना मिळाल्या आणि भारतीय पडद्यावर प्रथमच स्त्रीची भूमिका स्त्रीने केली. त्या चित्रपटाची प्रत आज उपलब्ध नाही. मोहिनी कशी नाचली, पार्वती कशी बोलली (बोलली म्हणजे ओठ हलले), ते आता कुणालाच पाहता यायचे नाही.

कमलाबाईंचे पुढचे आयुष्य मात्र दीर्घ आहे. रघुनाथराव गोखले या गायक-नटाशी त्यांचे लग्न झाले. पंचविशीच्या आसपास त्या विधवा झाल्या. पदरी मुलगे आणि पोटात आणखी एक जीव. आई ज्या वळणावर उभी होती, जवळजवळ तेथेच मुलगी येऊन ठेपली. फरक एवढाच, की आता तिला काम येत होते. त्या रंगभूमीवर उभ्या राहिल्या, स्त्रियांच्या नाटक मंडळीत गेल्या, वेळ आली तेव्हा पुरुषांच्या भूमिकाही केल्या. साळुंके स्त्री होत होते आणि कमलाबाई पुरुष होत होत्या. पण एकाला ते सोय म्हणून करावे लागले, दुसरीला पोट म्हणून. तीन मुलगे वाढविले. लालजी आणि सूर्यकांत तबल्यात नावारूपाला आले, चंद्रकांत गोखले मराठी रंगभूमी-चित्रपटांचे सर्वपरिचित नट झाले. 2022 मध्ये निवर्तलेले विक्रम गोखले हे कमलाबाईंचे नातू.

आता थोडे बाहेर पाहू. जपानातही मूकपटाच्या आरंभी स्त्रियांच्या भूमिका पुरुषच करीत. काबुकी रंगभूमीची ती जुनी रीत. तेथे खऱ्या नट्या पडद्यावर रुळल्या त्या 1920 नंतर, आणि सुमिको कुरिशिमा या पहिल्या मोठ्या नट्यांपैकी एक. जपानी मूकपट आपल्यापेक्षा जास्त टिकला, कारण पडद्याशेजारी उभा राहून सारे संवाद आणि भाव बोलून दाखविणारा ‘बेन्शी’ हा कथेकरी प्रेक्षकांना फार प्रिय होता; आपल्या कीर्तनकाराचाच भाऊ म्हणा. 1933 मध्ये, म्हणजे आपल्याकडे ‘आलम आरा’ बोलून दोन वर्षे झाल्यावर, मिकिओ नारुसे यांनी ‘योगोतो नो युमे’ हा मूकपट काढला. नावाचा अर्थ ‘रोज रात्रीची स्वप्ने’. कुरिशिमा यांनी त्यात ओमित्सु नावाच्या स्त्रीचे काम केले आहे. बंदरावरच्या मद्यालयात ती गिऱ्हाइकांची सरबराई करते आणि लहान मुलाला वाढविते. सोडून गेलेला नवरा परत येतो. भला आहे, पण दुबळा आहे; काम मिळत नाही. मुलाला मोटारीचा धक्का लागतो, उपचाराला पैसे हवेत, नवरा चोरी करतो आणि अखेर पाण्यात जीव देतो. ओमित्सु रडते, पण त्या रडण्यात त्याच्या पळपुटेपणाचा संताप आहे. मुलाला ती सांगते ते खंबीर होण्याविषयी. दुसऱ्या दिवशी तिला पुन्हा कामाला जायचे आहे, हे न सांगता कळते.

तारामतीची कथा आठवून पाहावी. तेथे वधाची तलवार उचलली जाते आणि शंकर प्रकट होतो. पुत्र उठतो, राज्य परत मिळते, भोगलेले सारे परीक्षा ठरते. ओमित्सुसाठी कुणी प्रकट होत नाही. आम्हांस असे वाटते की आपल्या मूकपटाने पडद्यावर तारामती दाखविली, आणि पडद्याच्या अलीकडे मात्र ज्या स्त्रिया वावरत होत्या त्या ओमित्सुच्या जातकुळीच्या होत्या. सरस्वतीबाई, दुर्गाबाई, कमलाबाई यांच्यापैकी कुणाचेही राज्य परत आले नाही. त्यांनी सोसले म्हणून आपण त्यांना हात जोडतो. पण त्या सोसत असताना काहीतरी करीत होत्या, कमावत होत्या, शिकत होत्या, हे आपल्या गौरवग्रंथांत येत नाही. सोसण्याची स्तुती स्वस्त असते. कामाची नोंद करायची म्हटली की श्रेय वाटून द्यावे लागते.

आपल्याकडील मूकपट या बाबतीत अगदीच मागे राहिला असे नाही. कोल्हापूरच्या बाबूराव पेंटर यांनी 1920 च्या ‘सैरंध्री’ मध्ये गुलाबबाई आणि अनसूयाबाई या स्त्रियांना घेतले. पडद्यासाठी त्यांना कमलादेवी आणि सुशीलादेवी अशी सोज्ज्वळ नावे द्यावी लागली, यात पुष्कळ काही आले. सैरंध्रीची व्यथा आपल्या शहरात त्याहून तीस वर्षे आधी रंगांत उतरली होती. रविवर्म्याचे 1890 चे ‘कीचक आणि सैरंध्री’ हे चित्र महाराजा फतेहसिंह संग्रहालयात बडोदेकरांनी पाहिले असेल. फाळक्यांची स्वतःची मुलगी मंदाकिनी ‘कालिया मर्दन’ (1919) मध्ये कृष्ण झाली. चित्रपटाच्या आरंभी ती कॅमेऱ्यापुढे बसून हसणे, रडणे, रागावणे असे एकेक भाव नुसत्या चेहऱ्याने दाखविते. उपलब्ध मूकपटांतील हा तुकडा आम्हांस सर्वांत जिवंत वाटतो. सरस्वतीबाईंनी जे नाकारले ते मुलीने हसतखेळत केले.

तारामतीचे काय झाले? 1932 मध्ये प्रभातने ‘अयोध्येचा राजा’ हा मराठी बोलपट काढला. दिग्दर्शक व्ही. शांताराम, कथा तीच. फाळक्यांच्या चित्रपटानंतर एकोणीस वर्षांनी तारामतीची भूमिका एका सुशिक्षित, प्रतिष्ठित मराठी घरातील स्त्रीने केली. त्या म्हणजे दुर्गा खोटे. त्याही काही हौसेने आल्या नव्हत्या. सासरची सुबत्ता ओसरली होती. पुढे तरुण वयातच वैधव्य आले आणि दोन मुलगे त्यांनी आपल्या कमाईवर वाढविले. लोकांनी नावे ठेवलीच. पण या तारामतीला आता स्वतःचा आवाजही होता, आणि तो दमदार होता. 1983 चे दादासाहेब फाळके पारितोषिक त्यांना मिळाले. 1969 मध्ये हे पारितोषिक सुरू झाले तेव्हाचा पहिला मानही देविकाराणी या स्त्रीचाच होता. सरस्वतीबाईंच्या नावाचे पारितोषिक नाही.

कमलाबाई गोखले यांनी 1980 च्या ‘गहराई’ या हिंदी चित्रपटात काम केले. नव्वदीच्या दशकाच्या आरंभी रीना मोहन यांनी त्यांच्यावर ‘कमलाबाई’ हा अनुबोधपट केला. त्यात नव्वदीतल्या कमलाबाई आपल्या खोलीत बसून जुन्या नाटकांतील भाषणे म्हणून दाखवितात, मध्येच विसरतात, वैतागतात, पुन्हा सुरू करतात. ज्यांच्या पहिल्या चित्रपटात त्यांना आवाज नव्हता आणि ज्या चित्रपटाचे एक रीळही आज हाती नाही, त्या गेल्या, त्यापूर्वी त्यांचे बोलणे कुणीतरी नोंदवून ठेवले.

बडोद्याच्या जुन्या मराठी घरांतून अजूनही पेट्या आहेत, त्यांत पत्रे आहेत, जमाखर्चाच्या वह्या आहेत. मराठे घराण्यातील ती मुलगी 1886 मध्ये याच शहरातून सासरी गेली. कुणाच्या वंशावळीत, लग्नपत्रिकेत किंवा आहेराच्या यादीत तिचे नाव असेल, तर त्यांनी ते या त्रैमासिकाकडे कळवावे, अशी आमची विनंती आहे.